जिन-येचं दुसरं घर

लियाओ जिन-ये भाजीला निघाली की काओशुंग शहरातल्या यानचेंगच्या बाजारातले भाजीवाले एकमेकांना डोळ्यांनी खुणावत. कोबीच्या एका गड्ड्यावर ती आधी दोन तैवानी डॉलर उतरवी, मग बाहेरची पानं काढायला लावून गड्डा पुन्हा तोलायला लावी, आणि पैसे मोजून झाल्यावर फुकटातली कांद्याची पात उचली. रिवाज एका जुडीचा होता. ही दोन घेई. मासळीवाल्या म्हाताऱ्यानं तिच्यासाठी वेगळाच भाव ठेवला होता. तिला पाहिलं की पाच डॉलर वाढवून सांगायचे आणि कुरकुर करत तीन उतरवायचे. जिन-येला हे ठाऊक होतं. तिला त्याचा राग नव्हता, कारण ती सात उतरवी.

बाजारामागच्या गल्लीत तिचा गाळा होता. रुंदी एवढीच की शिलाई मशीन ठेवलं की गिऱ्हाईक आडवंच आत यायचं. पँटा आखूड करणं, चेन बदलणं, लग्नानंतर सुटलेल्या कमरा सैल करणं, असली कामं. नवरा झेंग कुन-शान शहर वाहतुकीची बस चालवी. मोठा शांत गडी. दिवसभर गर्दीत राहून त्याला बोलायचा कंटाळा आलेला असे. पण शेवटच्या थांब्यावर बस रिकामी झाली की तो मोठ्यानं गाई, आणि हे काओशुंगच्या निम्म्या बसचालकांना माहीत होतं. मुलगी यू-रोंग चार वर्षांची.

अशा या बाईनं आयुष्यातली सगळ्यात मोठी खरेदी जवळजवळ घासाघीस न करताच केली, यावर बाजारात कुणाचा विश्वास बसला नसता.

त्याचं असं झालं. १९९२ च्या सुरुवातीला घरमालकानं जागा सोडायला सांगितली. जिन-येनं लिंगया भागात चौथ्या मजल्यावरचा, लिफ्ट नसलेला एक फ्लॅट हेरला. मालक चव्वेचाळीस लाख म्हणत होता. सहा आठवडे ती त्याच्या मागे लागली. कधी जिन्याच्या पायऱ्या मोजून दाखवल्या, कधी न्हाणीघरातली ओल, आणि एकदा तर समोरच्या देवळातल्या फटाक्यांचा आवाज ऐकायला त्याला मुद्दाम बोलावून घेतलं. शेवटी गडी बेचाळीस लाखांवर आला. दोन लाख तैवानी डॉलर उतरवले, म्हणून पुढचा आठवडाभर ती मान ताठ करून चालत होती.

बारा लाख घरचे होते: दोन भिश्या, कुन-शानची शिल्लक, आईनं दिलेल्या बांगड्या. उरलेल्या तीस लाखांसाठी दोघं बँकेत गेली. तिथं संगमरवरी खांब, गार हवा, आणि साहेबानं स्वतः पुढे केलेला चहा. जिन-येनं त्या दिवशी लग्नातला कोट घातला होता आणि खांद्यात तो घट्ट होत होता. साहेब म्हणाला, व्याज नऊ टक्के, मुदत वीस वर्षं, महिना सव्वीस हजार नऊशे ब्याण्णव. जिन-येनं मनातल्या मनात हिशेब केला: तीस लाखांचे नऊ टक्के म्हणजे दोन लाख सत्तर हजार. एवढी मोठी रक्कम देणार, वर वीस वर्षं थांबणार, तर पावणेतीन लाख घेणारच की. वाजवी आहे. तिनं वरचे नऊशे ब्याण्णव सोडायला सांगून पाहिलं. साहेब मनापासून हसला. आणि ही सगळ्यात मोठी खरेदी, कर्जाची, वीस मिनिटांत सह्या होऊन संपली.

घरात शिरताना त्यांनी शुभ म्हणून दाराला अननस टांगला, गोड रसातले तांदळाचे गोळे खाल्ले, आणि कुन-शाननं रिकाम्या खोलीत एक गाणं म्हणून आवाज कसा घुमतो ते पाहिलं. हप्ता दर महिन्याच्या पाच तारखेला. जिन-ये स्वतः जाऊन भरायची, पावती डब्यात ठेवायची. वर्ष कसं गेलं कळलं नाही.

वर्षाच्या शेवटी बँकेचं पत्र आलं. बाकी कर्ज: एकोणतीस लाख त्रेचाळीस हजार आठशे एकोणीस.

तिनं ते तीनदा वाचलं, बाराही पावत्या पिशवीत घातल्या आणि दुकान बंद करून थेट बँक गाठली. खिडकीपलीकडे मिस यान नावाची तेवीस-चोवीस वर्षांची मुलगी होती. बारीक अंगाची, बँकेच्या गणवेशाचा स्कर्ट कमरेत ढिला होऊन सेफ्टी पिनेवर तगलेला. जिन-येची नजर आधी पिनेवर गेली, मग मुलीच्या तोंडावर.

"तुमच्या यंत्राची चूक झालीय," ती समजुतीच्या सुरात म्हणाली. "होतं असं. मी तीन लाख चोवीस हजार भरलेत. ते तीस लाखांतून वजा करा."

मिस याननं पावत्या पाहिल्या, पडद्यावर पाहिलं. "मावशी, त्यातले दोन लाख सदुसष्ट हजार व्याजात गेले. मुद्दलात गेले छप्पन्न हजार."

"बरं," जिन-ये म्हणाली. "सगळं व्याज दोन लाख सत्तर हजार. म्हणजे आता व्याजाचे तीन हजारच राहिले?"

मिस याननं पावत्या नीट रचून ठेवल्या. असल्या कामाचं शिक्षण तिला बँकेनं दिलं नव्हतं. मग ती हळूच म्हणाली, "मावशी, ते एका वर्षाचं."

रांगेतला माणूस मागून खाकरला. मिस याननं त्याला थांबायची खूण केली आणि परतफेडीचा पूर्ण तक्ता छापायला लावला. यंत्र करकरत राहिलं. घडीघडीचा लांबच लांब कागद बाहेर येऊन जमिनीवर साचू लागला. दोनशे चाळीस महिन्यांच्या दोनशे चाळीस ओळी. प्रत्येक ओळीत हप्ता तेवढाच; फक्त आत व्याज किती, मुद्दल किती, ते बदलत जाणारं. पहिल्या ओळीत व्याज साडेबावीस हजार आणि मुद्दल साडेचार हजारही नाही. अगदी तळाशी बेरीज: चौसष्ट लाख अठ्ठ्याहत्तर हजार.

जिन-येनं बोट ठेवून आकडे मोजले. घेतले तीस, द्यायचे साडेचौसष्टच्या वर. सहा आठवडे जिने चढून उतरवलेले दोन लाख तिला एकदम आठवले, आणि आपलंच हसू आलं. पण ते हसू बरं नव्हतं.

"म्हणजे मी दोन घरांचे पैसे देतेय," ती म्हणाली. "एकात राहते. दुसरं कुठं आहे?"

मिस याननं आजूबाजूला कुणी साहेब नाही ना ते पाहिलं, मग संगमरवरी खांबांकडे. "त्यातच उभ्या आहात तुम्ही."

त्या दिवशी जिन-येनं तो कागद घरी नेऊन जेवणाच्या टेबलापासून दारापर्यंत अंथरला आणि टेपनं मोजला. दोन मीटर चार सेंटिमीटर. कुन-शान कामावरून आला तो दारातच एका पायावर थांबला, कारण दुसरा पाय २०११ सालावर पडत होता. तिनं त्याला सगळं समजावून सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं आणि विचारलं की मग जेवायचं कुठं. तिनं कागद उचलला नाही, तेव्हा तो मुलीला घेऊन स्वयंपाकघरात ओट्यापाशी उभ्या-उभ्या भात खाऊन आला.

तीन दिवस जिन-येनं बाजारात भाव केला नाही. सांगतील ते पैसे देई आणि पात न घेताच निघे. चौथ्या दिवशी मासळीवाल्यानं घरात कुणी गेलं का म्हणून दबक्या आवाजात चौकशी केली आणि आपण होऊन पाच डॉलर सोडले.

त्याच आठवड्यात मिस यान दुकानात आली. हातात तोच स्कर्ट. बँकेत मावशीनं पिनेकडे ज्या नजरेनं पाहिलं होतं, ती नजर तिच्या मनातून जात नव्हती म्हणे. जिन-येनं स्कर्ट मशीनवर घेतला, मुलीला स्टुलावर बसवलं, आणि उसवता-उसवता घडी केलेला तो कागद तिच्या मांडीवर ठेवला. चार दिवस तिला एक शंका छळत होती.

"ही बघ, चौदावी ओळ. यात मुद्दल चार हजार नऊशे पन्नास. या महिन्याच्या हप्त्याबरोबर मी तेवढे जास्तीचे भरले तर?"

"तर पुढच्या महिन्यात तुम्ही पंधराव्या ओळीवर."

"आणि चौदाव्या ओळीतलं व्याज?"

"ते कोण देणार? ती ओळच गेली."

"कर्जही एक महिना आधी फिटणार?"

"हो."

मशीन थांबलं. जिन-येनं चष्मा वर केला. पाच हजारांत सत्तावीस हजारांचा महिना. बावीस वर्षं ती या बाजारात येत होती. सुटलेल्या भिशीत नाही, दुकान मोडीत काढणाऱ्या कापडवाल्याकडे नाही, असा भाव तिला कुणी दिला नव्हता. आणि तो कागदावर छापून बँकेनंच तिच्या हातात ठेवला होता.

मिस यान प्रामाणिक मुलगी होती. ती म्हणाली की ते सत्तावीस हजार एकोणीस वर्षांनंतरचे आहेत. तेव्हाच्या पैशाला आजची किंमत नसेल, बँक तसाच हिशेब धरते.

"बँकेला एकोणीस वर्षं थांबायला काय होतंय," जिन-ये म्हणाली. "माझे गुडघे थांबतील का?"

स्कर्टची कंबर नीट बसली. त्याचे पैसे तिनं घेतले नाहीत. तिच्या गाळ्याच्या इतिहासात ही पहिलीच वेळ.

तिथून पुढे लियाओ जिन-ये डॉलरमध्ये विचार करायची थांबली. ती ओळींमध्ये विचार करू लागली. एखादी ओळ फिटली की कागदावर त्या ओळीवरून लाल दोऱ्याचा धावदोरा घाली. पपई घुसळलेलं गार दूध, तिथलं पपईचं दूध, रोज प्यायलं तर वर्षात दीड ओळ जाते, म्हणून ते महिन्यातून एकदा. चुलतदिराच्या लग्नात आहेराच्या पैशांचं लाल पाकीट तिनं भरलं आणि पाहुण्यांसमोरच कुन-शानला सांगितलं की अर्धी ओळ पुरे झाली. यू-रोंगच्या शाळेत आईबद्दल निबंध लिहायला सांगितला, तेव्हा पोरीनं पहिलंच वाक्य लिहिलं की माझी आई ओळी मारते. बाईंनी काळजीनं घरी चिठ्ठी पाठवली.

आणखी एक गोष्ट तिच्या लवकरच ध्यानात आली. बाजारात संध्याकाळी मासळी स्वस्त होते. इथं उलटं होतं. चौदावी ओळ पाच हजारांना सुटली, पण पन्नासावीला साडेसहा हजार पडणार होते, शंभरावीला साडेनऊ. जितक्या लवकर जाल तितकं स्वस्त. म्हणून ती धावत सुटली. सुट्टीच्या दिवशी दुकान उघडं, शाळांच्या गणवेशांचं काम अंगावर, महिन्याला दोन-दोन ओळी. घरात हसण्या-बोलण्याला वेळ राहिला नाही. आणि खरं सांगायचं तर कुणाला ते बोलून दाखवायचा धीरही राहिला नाही.

धीर केला तो कुन-शाननं. १९९५ च्या नववर्षाआधी त्याला बोनस मिळाला. जिन-येनं त्या पैशांतून खोडायच्या ओळींखाली पेन्सिलीनं खुणा करून ठेवल्या होत्या. दुपारी दोन हमाल धापा टाकत चार जिने चढून आले आणि बैठकीत एक भलंमोठं खोकं ठेवून गेले. मागून कुन-शान.

खोक्यात कराओकेचं, म्हणजे सुरावर गाणी म्हणायचं यंत्र होतं. ध्वनिक्षेपक, माईक, गाण्यांची जाडजूड वही.

"किती?" जिन-येनं विचारलं.

"तीन ओळी," तो म्हणाला. तिच्याच भाषेत सांगितलं तर बरं पडेल असं त्याला वाटलं असावं. पडलं नाही. चार दिवस ती त्याच्याशी बोलली नाही. त्याच्या गणवेशाच्या पँटची उसवलेली टीप तिनं तशीच राहू दिली, आणि शिवणारणीचा नवरा लोंबती पँट घालून बस चालवतोय हे साऱ्या डेपोनं पाहिलं.

पाचव्या दिवशी तो तिच्या गाळ्यात आला, आडवा होऊन आत शिरला आणि स्टुलावर बसला.

"आ-ये, घर दहा वर्षांनी आपलं होईल की वीस, ते तू बघ. तुला त्यातलं कळतं. पण मी आजही तिथंच राहतो. यू-रोंगही राहते. त्याची पण एखादी ओळ धर ना."

एवढं लांब तो लग्नाच्या दिवशीसुद्धा बोलला नव्हता. जिन-येनं सुईत दोरा ओवला. त्याला पँट काढायला लावली, स्वतःचा जुना स्कर्ट गुंडाळायला दिला, आणि टीप घालून झाल्यावर गाळ्याला कुलूप लावून निघाली. ती गेली थेट यंत्राच्या दुकानात. विकलेल्या, वापरलेल्या, पाच दिवस जुन्या यंत्राची किंमत कमी करून मागणारी बाई त्या दुकानदारानं पहिल्यांदाच पाहिली. तासाभरानं ती पंधराशे डॉलर, एक जादा माईक आणि पावसात यंत्र झाकायचं कापड घेऊन बाहेर पडली.

मग तिनं ठरवून टाकलं: हप्त्यावर महिन्याला एकच जादा ओळ, बोनसच्या महिन्यात दोन, उरेल ते खायला, ल्यायला आणि यू-रोंगच्या शाळेच्या सहलीला. आणि यंत्रानं आपलं पोट आपण भरायचं. रविवारी दुपारी इमारतीतले शेजारी गायला येऊ लागले. एका गाण्याला दहा डॉलर, बिस्किटांच्या डब्यात. कुन-शानलाही माफी नव्हती. तो दर रविवारी आपल्या बायकोला रोख पैसे मोजून स्वतःच्या घरात गायचा, आणि खुशीत असायचा. मिस यानही येऊ लागली. आवाज फाटका, पण हौस दांडगी. एकदा तिला तीन गाण्यांनंतर थांबवण्यासाठी तळमजल्याच्या आजोबांनी डब्यात वीस डॉलर टाकले. पहिल्या वर्षी डब्यातून तीन ओळी निघाल्या. जिन-ये स्वतः कधी गायली नाही, मात्र मशीनवर बसली की गुणगुणू लागली, आणि हे तिला सोडून सगळ्या गल्लीला ऐकू येई.

मधली वर्षं सगळी सारखी नव्हती. एका वर्षी कुन-शानची पाठ धरली आणि सहा महिने एकही जादा ओळ गेली नाही. हप्ता कसाबसा निघाला. पुढे दोन हजार सालानंतर बँकांचे दर घसरले, आणि कागदच नवा छापावा लागला. जुन्या कागदावर लाल दोऱ्याचं इतकं काम झालं होतं की तो उभा राहील असं वाटे.

२००३ च्या ऑगस्टमध्ये शेवटची ओळ गेली. वीस वर्षांचं कर्ज अकरा वर्षं आणि चार महिन्यांत. मिस यान आता विभागप्रमुख होती. तिनं तारण सुटल्याचा दाखला स्वतःच्या हातानं दिला. जिन-येनं सगळी बेरीज मांडून आणली होती. व्याजापोटी गेले होते साडेसतरा लाख. जायचे होते पावणेपस्तीस लाख.

"अर्धं घर परत आणलं," ती म्हणाली.

"अर्धं आमच्याकडे राहिलं," मिस यान म्हणाली. दोघी हसल्या. मग जिन-ये बाकावर जाऊन बसली आणि बराच वेळ उठली नाही. खांब पूर्वीइतके उंच वाटत नव्हते. साडेसतरा लाख म्हणजे किती पँटा, याचा हिशेब ती करू लागली होती. अर्ध्यात आल्यावर तिनं तो सोडून दिला. पुढच्या महिन्याच्या पाच तारखेला ती सवयीनं पुन्हा बँकेत गेली, रांगेत उभी राहिली, खिडकीपर्यंत पोहोचली, आणि काय करावं ते न सुचून सुट्टे पैसे मागून परत आली.

तिची कीर्ती गल्लीबाहेर गेली. घर घेणारी पोरं-पोरी चेन बदलायच्या निमित्तानं येत आणि पिशवीतून बँकेचे कागद काढत. चेनचे पैसे ती पुरेपूर घेई. कागद फुकट बघे. आधी महिन्याचा हप्ता हातानं झाकायची आणि म्हणायची, "हे विसर. हा भाव नाही, ही चव आहे. सगळा मासा कितीला, ते विचार."

यू-रोंग मोठी झाली, शिकली, ताइचुंगला नोकरीला लागली. २०२० मध्ये तिनं आणि तिच्या नवऱ्यानं तिथं फ्लॅट घेतला. कर्ज साठ लाख, मुदत तीस वर्षं. ही बातमी आईला सांगायला ती दोन महिने धीर गोळा करत होती. आई सुई-दोरा घेऊन अंगावर येणार, पुढची वीस वर्षं आपल्याला पपईचं दूध मिळणार नाही, असं तिनं नवऱ्याला बजावून ठेवलं होतं. शेवटी एका रविवारी ती कागद घेऊन आली आणि काही न बोलता टेबलावर ठेवून स्वयंपाकघरात गेली.

जिन-ये पासष्टची झाली होती. दोन चष्मे एकावर एक लावून तिनं तक्ता वाचला. बोट पहिल्या ओळीवर आलं आणि थबकलं.

"दर किती म्हणालीस?"

"दीड टक्का."

हप्ता वीस हजार सातशे. त्यात व्याज साडेसात हजार आणि मुद्दलच तेरा हजारांच्या वर. जिन-येनं दुसरी ओळ पाहिली, मग दहावी, मग तळाची बेरीज. पुन्हा वर आली. चेहऱ्यावर तोच भाव, जो शिळ्या बोंबलाचे ताज्याचे पैसे मागितल्यावर यायचा.

"तेरा हजार द्यायचे आणि तीस वर्षांनी वीस हजार सुटणार," ती म्हणाली. "हा काय सौदा आहे? याला कोण हात लावेल?"

"म्हणजे? लवकर फेडू नको?"

"कशाला फेडतेस? एवढ्या स्वस्तात पैसे मिळाले असते तर मी फेडलेच नसते. हप्ता तेवढा चुकवू नका, आणि दर वाढला तर मला फोन कर. त्या दिवशी पुन्हा बघू." ती जरा नाराजच दिसत होती, भांडायला आलेल्या माणसाला समोरच्यानं चहा विचारावा तशी.

यू-रोंग टेबलापाशी बसली. दोन महिन्यांची भीती अशी एका वाक्यात सुटी झाली होती. बैठकीत कुन-शान गाण्यांची वही चाळत होता. त्यानं चष्म्यावरून दोघींकडे पाहिलं आणि पुन्हा पान उलटलं.

"मग उरलेल्या पैशांचं काय करू?" तिनं विचारलं.

जिन-येनं कागदाची घडी घातली, कडा नखानं दाबली आणि तो मुलीच्या पिशवीत परत ठेवला. हा प्रश्न तिला आजवर कुणी विचारला नव्हता.

"तुमच्या त्या घराला गॅलरी आहे म्हणालीस ना," ती म्हणाली. "दोन चांगल्या खुर्च्या घे. आम्ही येऊ तेव्हा बसायला."